नरकाचा फोटो कुणी काढला?

"ताई, मी ऐरोलीत राहते. जूनमध्ये माझे सासरे गेले. घरात आता सासूबाई, आम्ही दोघं आणि सात वर्षांचा मुलगा. दिवस चालू होते तेव्हा सासूबाई दुपारी फोनवर गरुडपुराण लावून बसायच्या. मुलगा त्यांना टेकून बसलेला असायचा. आल्यागेल्याच्या गडबडीत आमचं लक्षच गेलं नाही. त्या व्हिडिओत नरकाची चित्रं होती. माणसांना कढईत तळताहेत, जीभ सांडशीने ओढताहेत. आता दोन महिने होत आले, तो एकटा बाथरूमला जात नाही, रात्री दिवा मालवू देत नाही, देवघरावरून जायचं तर समोरच्या भिंतीला घासत जातो. परवा जेवताना त्याने विचारलं, 'आबांना पण कढईत टाकलं का?' सासूबाई ताटावरून उठून आत गेल्या. एकदा झोपताना मला म्हणाला, 'मी आबांचा चष्मा लपवला होता आणि मला माहीत नाही म्हणालो होतो. माझी पण जीभ ओढणार?' हे म्हणतात, घरातले देवाचे सगळे फोटो काढून टाक, कटकट नको. सासूबाई म्हणतात, धाक असला तरच मूल सरळ राहतं, आम्ही नाही का असंच ऐकत मोठे झालो? मला दोघांचंही पटत नाही. आणि खरं सांगू का, मागच्या वर्षीचं देवीचं कॅलेंडर मला अजून टाकवत नाही. गादीखाली ठेवलंय. मीच अशी, तर मुलाला काय समजावू?
— एक आई, ऐरोली"

ताई,

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. दोन्ही वेळा अडखळले ते सासूबाई ताटावरून उठल्या तिथे. त्यांच्याकडे येतेच, पण आधी लेकाचं बघू.

ठाण्यात खारकर आळीत माझी मावशी राहायची. तिच्या जिन्याच्या वळणावर, जिथे दिवसाही उजेड नसायचा, तिथे एक तसबीर टांगलेली होती. मधोमध यमराज दरबार भरवून बसलेले, शेजारी चित्रगुप्त चोपडी उघडून. भोवती चौकोन. प्रत्येक चौकोनात एक पाप आणि त्याची शिक्षा, खाली हिंदीत एक ओळ. एकीकडे खोटं बोलणाऱ्याची जीभ ओढताहेत, एकीकडे दोघं जण माणसाला करवतीने उभा चिरताहेत, आणि हो, कढईही होती. मी सहा वर्षांची. मावशीकडे जायचं म्हटलं की पोटात गोळा यायचा. तो जिना मी डोळे मिटून तीन उड्यांत चढायचे. एकदा चौथी उडी लागली. हनुवटीवरची खूण अजून आहे.

पुढे मी चित्रकला शिकले, आणि मग तीसेक वर्षं शाळेत शिकवली. मावशीचा वाडा पाडून इमारत बांधायचं ठरलं तेव्हा सामान हलवायला गेले होते. ती तसबीर कुणीतरी अंगणात आणून ठेवलेली. आयुष्यात पहिल्यांदा मी ती उजेडात आणि डोळे उघडे ठेवून पाहिली. करवत ओढणारे दोघे चक्क कंटाळलेले होते, दुपारी चार वाजता सुतार दिसतात तसे. कढई जिलेबीवाल्याची, पसरट, दोन कड्यांची. खालच्या ज्वाळा म्हणजे कमळाच्या पाकळ्या, एकच आकार ओळीने गिरवलेला. यमदूतांच्या मिशा हवालदाराच्या. त्या चित्रकाराने नरक आणला होता तो आपल्या गल्लीतून, ओळखीच्या दुकानांतून. मला हसू आलं. आणि मग रागही आला, की याच्यापायी मी हनुवटी फोडून घेतली!

तुमच्या लेकाला असं दुसऱ्यांदा पाहायला अजून मिळालेलं नाही. ते मिळेल अशी सोय करायची आहे, आणि त्यात आपल्या मराठीतला एक शब्द आडवा येतो आहे.

आपण देवाच्या चित्राला म्हणतो काय? फोटो. गणपतीचा फोटो, दत्ताचा फोटो, लक्ष्मीचा फोटो. तुमच्या पत्रातही यजमान म्हणतात, सगळे फोटो काढून टाक. आपल्याला त्यात काही वाटत नाही. पण सात वर्षांच्या मुलाच्या पाटावर बसून बघा. हॉलमध्ये आबांचा फोटो आहे, चंदनाचा हार घातलेला. तो खरा आहे हे त्याला पक्कं ठाऊक आहे, आबा तसेच दिसायचे. देवघरात देवांचे फोटो. आजीच्या फोनमध्ये नरकाचा फोटो. आता यातला एक खरा आणि बाकीचे काढलेले, हे त्याने कुठल्या खुणेवरून ओळखायचं? त्याच्या हिशेबी कुणीतरी कॅमेरा घेऊन तिथे जाऊन आलेलं आहे.

म्हणून, 'असं काही नसतं रे' या वाक्याचा उपयोग होत नाही. त्याने पाहिलंय. त्यापेक्षा दिवसाउजेडी, काहीतरी खात असताना, सहज विचारा: नरकाचा फोटो कुणी काढला असेल? तिथे कोण गेलं होतं? परत कसं आलं? त्याच्या उत्तराला हसू नका. मुलं अशा प्रश्नावर मन लावून विचार करतात, आणि एखाद्या पोलिसासारखी उलटतपासणी घेत जातात. मग त्याला सांगा की हे चित्र आहे. कुणीतरी घरी बसून काढलेलं. काढणाऱ्याने नरक पाहिलेला नाही, तळणाची कढई मात्र पाहिलेली आहे.

यात नवीन काही नाही, हेही सांगते. सातव्या शतकात बाणभट्टाने 'हर्षचरित' लिहिलं. त्यात वडील आजारी असल्याची बातमी येते आणि राजपुत्र हर्ष शिकार सोडून घाईने परततो. नगरात शिरताना बाजाराच्या रस्त्यावर त्याला यमपट दाखवणारा दिसतो. डाव्या हातात काठीवर ताणलेला पट, त्यावर भयंकर रेड्यावर बसलेला यम. दुसऱ्या हातात बोरूची काडी, तिने तो परलोकातली एकेक गोष्ट दाखवतो आहे. आणि भोवती गर्दी कुणाची? पोरांची! मरणाला टेकलेला बाप, यमाचं चित्र आणि डोळे विस्फारून बघणारी मुलं. तेराशे-चौदाशे वर्षांत पट जाऊन फोन आला, एवढाच फरक. 'मुद्राराक्षस' नाटकात तर चाणक्याचा हेर असाच यमपट घेऊन घरोघर हिंडतो आणि बातम्या काढतो. चाणक्याला ठाऊक होतं, यमाचं चित्र घेऊन आलेल्याला दारात कुणी अडवत नाही. तुमच्याकडेही कुणी अडवलं नाही, पण त्याबद्दल स्वतःला दोष देऊ नका. ज्या घरातून नुकतंच माणूस गेलंय तिथे दुपारी फोनवर काय चाललंय हे बघायला कुणाला सुचतं?

चित्र काढणारा माणूस असतो हे मुलाला दाखवायला आपल्याकडे उदाहरणं हवी तेवढी आहेत. राजा रविवर्म्याने १८९४ साली मुंबईत छापखाना काढला, पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला नेला. त्या छापखान्यातल्या लक्ष्मी-सरस्वती घरोघर गेल्या, आणि आज डोळे मिटले की आपल्याला जी लक्ष्मी दिसते ती बरीचशी त्याच्या हातची असते. मुलाला याहून जवळचं हवं तर रिक्षाच्या मागच्या काचेवरचा हनुमान दाखवा. भगवा आणि काळा, भुवया ताणलेला. ठाणे-बेलापूर रस्त्यावर पाच मिनिटं उभं राहिलात तर दोन-तीन तरी दिसतील. २०१५ च्या आधी हा हनुमान कुठेच नव्हता. माझ्या पिढीचा मारुती शेंदरी, गोल डोळ्यांचा. हा नवा काढला केरळमधल्या कासरगोडच्या करण आचार्य नावाच्या तरुणाने. लोक त्याला रागीट हनुमान म्हणायला लागले, तेव्हा त्याचं म्हणणं असं की माझा हनुमान रागावलेला नाही, रुबाबात आहे. तुमच्या लेकाला विचारा, तुला काय वाटतं, रागावलाय की रुबाबात आहे? चित्राबद्दल स्वतःचं मत देता येतं हे एकदा कळलं, की मूल चित्रापुढे इतकं लहान राहत नाही.

आता कठीण भाग. मला वाटतं, तुमच्या मुलाची भीती नुसती चित्राची नाही. तुम्ही त्याला आबांबद्दल काय सांगितलंत ते लिहिलेलं नाही, पण आपल्या घरांत जे सांगतात तेच सांगितलं असणार: आबा देवाघरी गेले. बरोबर? आणि तो कशावरून भिंतीला घासत जातो? देवघरावरून. आपल्याला 'देवाघरी' आणि 'देवघर' यांतला फरक विचारावासुद्धा लागत नाही. त्याला कुणी सांगितलाय का? त्यातच त्या दिवसांत 'अग्नी दिला', 'अस्थी', 'राख' हे शब्द दाराआडून त्याच्या कानावर पडलेले असणार. आणि दुपारी आजीच्या मांडीजवळ जाळ आणि कढई. मूल हे तुकडे जोडतं. आपण जोडून दिले नाहीत तर त्याच्या पद्धतीने जोडतं. 'आबांना पण कढईत टाकलं का' हा त्याचा प्रश्न पुराणाबद्दलचा नाहीच. तुम्ही आबांना घेऊन गेलात आणि त्यांचं काय केलंत, असं तो तुम्हाला विचारतो आहे.

त्याचं उत्तर सरळ द्या. आबांचं शरीर थांबलं होतं. हृदय थांबलं, श्वास थांबला. त्यानंतर चटका, थंडी, भूक, दुखणं यातलं काही त्यांना कळत नव्हतं. कापलेलं नख कचऱ्यात टाकलं तर तुला लागतं का? नाही ना? तसं. शरीर थांबल्यावर आपल्याकडे ते अग्नीला देतात. त्यांना लागलं नाही. एवढंच बोला आणि थांबा. तो पुन्हा विचारेल, उद्या, परवा, रिक्षात, भलत्याच वेळी. पुन्हा तेच सांगा, त्याच शब्दांत. 'आबा झोपलेत' मात्र चुकूनही म्हणू नका, नाहीतर दिवा मालवणं आणखी अवघड होईल. आणि दिवा हवाय तर राहू द्या ना! एक छोटा बल्ब रात्रभर जळला तर विजेचं बिल काही फार वाढत नाही. बाथरूमपर्यंत सोबत जा. 'एवढा मोठा झालास आणि घाबरतोस' हे वाक्य घरात कुणाच्याही तोंडून येता कामा नये, पाहुण्यांच्याही.

पुढे चित्रांकडेच परत येते, कारण मला दुसरं फारसं काही येत नाही.

भयंकर चित्रं मुलांपुढे नकोतच असं मी म्हणणार नाही. नवरात्रात ठाण्यात टेंभी नाक्याच्या देवीला बापाच्या खांद्यावर बसून आलेली पोरं बघितली आहेत ना? देवी म्हणजे महिषासुराला मारणारी, हातात शस्त्रं. पोरं भोंगे वाजवत, आइस्क्रीम गळत, तिच्याकडे बघतात. घाबरत नाहीत, कारण ती आपल्या बाजूची आहे. नरसिंहाचं चित्र घ्या. पोट फाडलेलं, आतडी बाहेर. तसं पाहिलं तर कढईपेक्षा भीषण. पण त्या चित्राच्या कोपऱ्यात हात जोडून एक लहान मूल उभं असतं. भागवतात तर गोष्ट अशी आहे की नरसिंहाचा तो अवतार बघून देवांची पुढे जायची छाती होईना, प्रत्यक्ष लक्ष्मी थबकली, तेव्हा ब्रह्मदेवाने प्रल्हादाला पुढे पाठवलं. पोराला! आणि तो गेला.

माझ्या मावशीच्या तसबिरीत प्रल्हाद नव्हता. नरकाच्या चित्रांत बघणाऱ्याच्या बाजूचं कुणी म्हणजे कुणी नसतं. एकीकडे मारणारे, एकीकडे मार खाणारे, आणि एक हिशेब लिहिणारा. मूल त्यात स्वतःला कुठे ठेवणार? कढईतच.

म्हणून एखाद्या रविवारी दोन मोठे कागद आणि खडू घेऊन त्याच्याजवळ बसा. 'तुला काय दिसतं ते काढ' म्हणा. काढू द्या त्याला कढई, काढू द्या जाळ, लाल खडू संपला तरी चालेल. मध्येच 'छान छान' करू नका. चित्र झालं की एवढंच विचारा, 'इथे तुझ्या बाजूचं कोण आहे? काढ बरं त्याला.' शाळेत माझ्याकडे एक मुलगी होती, तिला स्वप्नात पूर दिसायचा. तिने पुरात आमच्या शाळेचा शिपाई काढला, गुडघ्यापर्यंत पँट दुमडलेला. तिच्या दृष्टीने जगातला सगळ्यात भरवशाचा माणूस तोच होता. तुमचा लेक कुणाला काढेल ते मी सांगू शकत नाही. कदाचित आबांनाच काढेल.

आता सासूबाई.

धाक असला तरच मूल सरळ राहतं, हे त्यांचं म्हणणं खोडायच्या भानगडीत पडू नका. माझा अनुभव विचाराल तर त्या तसबिरीखालून जाऊन मी मावशीच्या डब्यातले लाडू चोरतच होते. फक्त परत येताना जास्त जोरात पळायचे. पण तो वाद जिंकून तुम्हाला मिळणार काय? त्या ताटावरून उठल्या ते नातवाच्या प्रश्नाचा राग आला म्हणून, असं तुम्हाला वाटलं का? मला नाही वाटत. त्याने जो प्रश्न मोठ्याने विचारला तोच त्या दोन महिने मनात घोळवत असणार. पन्नास वर्षांच्या संसाराच्या जोडीदाराचं पुढे काय झालं? विधींत काही राहिलं का? यजमानांचा स्वभाव पाहता दिवस आटोपशीर केले असतील. दान, पिंड, यांतलं काहीतरी सासूबाईंच्या मनासारखं झालं नसेल. गरुडपुराण त्या पुण्यासाठी ऐकत असतील, पण ऐकता ऐकता त्यातली वैतरणी आणि यमदूत त्यांच्याही उशाशी येऊन बसले असतील. घरात घाबरलेली माणसं दोन आहेत, ताई. एक सात वर्षांचं आणि एक सत्तरीचं. तिसऱ्या तुम्ही, गादीखालच्या कॅलेंडरासकट.

त्यांच्याशी बोलायचं तर त्यांच्याच पोथीतून बोला. भागवताच्या पाचव्या स्कंधाच्या शेवटच्या अध्यायात नरकांची यादी आहे, तामिस्र, रौरव, कुंभीपाक अशी अठ्ठावीस. तुमच्या लेकाची कढई ती कुंभीपाकातली. व्हिडिओवाले तिथेच थांबतात. पण पोथी थांबत नाही. सहाव्या स्कंधाच्या पहिल्याच पानावर परीक्षित हे सगळं ऐकून विचारतो की माणसाने यातून सुटायचं कसं? आणि शुकाचार्य अजामिळाची गोष्ट सांगायला घेतात. आयुष्यभर वाकडं वागलेला माणूस. मरताना यमदूत पाश घेऊन येतात, हा घाबरून धाकट्या मुलाला हाक मारतो. मुलाचं नाव नारायण. तेवढ्यावर विष्णुदूत धावून येतात आणि यमदूतांना हात हलवत परत जावं लागतं. म्हणजे ज्या ग्रंथात कढई आहे त्याच ग्रंथात पुढचं पान उलटलं की आपल्या बाजूचं कुणीतरी येतं. सासूबाईंना म्हणा, आई, पुढचं तुम्ही वाचून दाखवा त्याला. आजीने भीती दिली, ती आजीच्याच आवाजात उतरली तर सगळ्यात चांगलं. त्यांना मान राहील आणि त्यांच्याही कानावर ते पडेल. आणि गीतेच्या अकराव्या अध्यायातल्या अर्जुनाची आठवण करून द्या. विश्वरूप बघून एवढा मोठा धनुर्धर थरथर कापतो आणि म्हणतो, देवा, तुझं आधीचं रूप दाखव. कृष्ण त्याला 'धाक असला तरच सरळ राहशील' असं सुनावत नाही. सौम्य रूप घेतो आणि घाबरलेल्याला धीर देतो.

फोनचं काम तेवढं तुम्ही करा. एक व्हिडिओ पाहिला की यूट्यूब त्याच जातीचे दहा पुढे करतं, आणि आता तर ती चित्रं रंगवायला माणूसही लागत नाही, यंत्र मिनिटात बनवून देतं. त्यात जिलेबीवाल्याची कढईसुद्धा सापडायची नाही, सगळं खऱ्यासारखं चकचकीत. त्यांचा फोन घेऊन पाहिलेल्या व्हिडिओंची यादी पुसा, असले व्हिडिओ दिसले की तीन टिंबांवर दाबून 'नॉट इंटरेस्टेड' करा, आणि हरिपाठाची कीर्तनं दोन-चार लावून ठेवा. चार दिवसांत यंत्राचं मन बदलतं. माणसांपेक्षा लवकर.

यजमानांना माझा निरोप सांगा की फोटो काढून टाकले तर मुलगा असं समजेल की बाबाही घाबरतात. देव मानायचे की नाहीत हा त्यांचा प्रश्न आहे, खुशाल मानू नयेत. पण या महिन्यात भिंती रिकाम्या करू नका. देवघरात एखादं चित्र मुलाला खुपत असेल तर कोणतं ते त्यालाच विचारा आणि सासूबाईंना विचारून तेवढं बाजूला ठेवा. त्या जागी काय लावायचं तेही त्याला निवडू द्या. आमच्याकडे विठोबा आहे. हात कमरेवर, हातात शस्त्र नाही, विटेवर उभा. मला तर तो कायम रांगेत आपला नंबर येण्याची वाट बघणाऱ्या माणसासारखा वाटतो, आणि म्हणून आवडतो.

आणि जमलं तर त्याला एकदा ठाण्याला घेऊन या. तलावपाळीशेजारी आमचं कोपिनेश्वराचं देऊळ आहे. श्रावणी सोमवारी नको, गर्दीत गुदमरेल. आडवारी दुपारी या. आतली पिंड चांगली मोठी आहे, सात वर्षांच्या मुलाच्या छातीला सहज लागेल. तिला डोळे नाहीत, दात नाहीत, जीभ नाही. नुसता गार दगड आणि वरून ठिबकणारं पाणी. देवाला तोंड नसलं तरी चालतं, हे त्याला सांगायला लागणार नाही, दिसेल. येताना तलावावर भेळ खा.

राहता राहिलं तुमचं कॅलेंडर. कुठल्या देवीचं ते लिहिलं नाहीत. वणीच्या सप्तशृंगीचं असेल तर एक आठवण करून देते. वर्षानुवर्षांचा शेंदराचा थर २०२२ साली काढला, तेव्हा जन्मभर पाहिलेल्या मुखाखालून निराळंच रूप समोर आलं. जुन्या मुखाचे फोटो अजून घरोघर आहेत. भाविक नव्या रूपापुढेही तसेच वाकले, आणि देवी कोपल्याचं काही ऐकिवात नाही. तुमच्या गादीखाली आहे तो वाण्याने दिलेला गुळगुळीत कागद आहे, त्याच्या खाली दुकानाचा फोन नंबर छापलेला आहे. तरी टाकवत नाही, हे मला समजतं; मलाही नाही टाकवत. हात थबकतो तो भीतीने थबकतो की मायेने, हे एकदा स्वतःशी ठरवा. मायेने असेल तर चित्र कापून वहीत चिकटवा. भीतीने असेल तर ते गादीखाली ठेवून त्यावर झोपणं हा कुठला न्याय? वाशीच्या पुलावर गाडी थांबवून खाडीत पिशवी भिरकावणाऱ्यांतल्या मात्र होऊ नका. मी काय करते ते सांगते. पाडव्याला नमस्कार करते आणि रद्दीवाल्याला देते. त्याचा लगदा होतो, लगद्याचा पुन्हा कागद. याहून नीट विसर्जन मला अजून कुणी दाखवलेलं नाही. हे करताना लेकाला शेजारी उभं करा, तुमचा हात थबकलेला त्याला दिसू दे, आणि मग दिलेलंही दिसू दे.

एवढं करूनही महिनाभरात झोप सुधारली नाही, शाळेत जाईना, जेवेना, किंवा पुन्हा पुन्हा 'मी वाईट आहे' म्हणायला लागला, तर मुलांच्या मानसतज्ज्ञाला दाखवा. त्यात कमीपणा नाही. आधी फोनवर बोलावंसं वाटलं तर सरकारची टेलिमानस सेवा आहे, १४४१६ हा नंबर. पैसे लागत नाहीत, रात्री-अपरात्रीही चालते, मराठीत बोलता येतं. सासूबाईंसाठीही तोच नंबर.

चष्म्याचं मी मुद्दाम शेवटी ठेवलं. ते तुम्ही ओघात लिहून पुढे गेलात, पण मला वाटतं मुलगा त्या जागी अडकून बसलाय. तो आबांशी खोटं बोलला, आणि खरं सांगायच्या आत आबा गेले. 'जाऊ दे रे, एवढंसं तर खोटं' म्हणून ते पुसू नका. त्याला एवढंसं वाटत नाहीये. हॉलमधल्या आबांच्या फोटोसमोर, तो खरा फोटो आहे म्हणून त्याच्यासमोर, त्याला हवं तर मोठ्याने आणि हवं तर मनात सांगू दे, चष्मा मी लपवला होता. तुम्ही फक्त शेजारी उभ्या राहा. सासूबाई असतील तर उत्तमच, कारण नातवाने चष्मा लपवल्यावर आबा काय म्हणायचे हे त्या घरात फक्त त्यांनाच सांगता येईल. बहुतेक आजोबांना चष्मा कुठे आहे ते ठाऊक असतं, तरी ते शोधत बसतात.

तो चष्मा नंतर सापडला का, आणि कुठे होता, ते तुम्ही लिहिलेलं नाही. कळवाल का?